डाऊन की सिंथेटिक? केदारकंठाला निघालेल्या नागपूरकरांसाठी जरा लांब उत्तर

ताई, तुमचा प्रश्न असा आहे की डिसेंबरच्या शेवटी तुम्ही, तुमची बहीण आणि बाबा उत्तराखंडातल्या केदारकंठाच्या ट्रेकला चालले, बर्डीवरचा दुकानदार पॉलिस्टर भरलेलं जॅकेट "मायनस दहाचं आहे" म्हणून देऊन राहिला, पुण्याचा मावसभाऊ म्हणतो डाऊनशिवाय, म्हणजे पिसं भरलेल्या जॅकेटाशिवाय, काही घेऊच नका, आणि तेच जॅकेट नंतर पेंचच्या सफारीलाही चाललं पाहिजे. मी इथे नागपुरात ट्रेकचं सामान भाड्याने देतो, धुतो, शिवतो, सीझनमधे ग्रुप घेऊन वरही जातो, त्यामुळे जॅकेट बाहेरून आणि उसवून आतूनही रोज पाहायला मिळते, म्हणून सविस्तर लिहितो. तुम्हा तिघांसाठी माझं उत्तर सिंथेटिक, म्हणजे पॉलिस्टर भरलेलंच. पण कोणतं घ्यायचं आणि घरी आणल्यावर कसं ठेवायचं हे त्याच्याहून महत्त्वाचं, कारण आपल्याकडची बहुतेक जॅकेटं हिमालयात खराब होत नाहीत, ती नागपुरातच माळ्यावर खराब होतात, आणि हे कोणी विकताना सांगत नाही.

आधी जॅकेट काम कसं करते ते पाहा. त्यात स्वतःची गरमी काहीच नसते, गरमी तुमच्या अंगाची, जॅकेट तिला फक्त बाहेर पळू देत नाही. आणि ते काम पॉलिस्टरपेक्षा त्याच्या बारीक धाग्यांमधे अडकून बसलेली हवा करते. हवा हलली नाही तर तिच्यातून उष्णता फार हळू जाते, पाण्यातून त्याच्या साधारण पंचवीसपट जाते. म्हणजे जॅकेटचा फुगीरपणा, ज्याला आम्ही लॉफ्ट म्हणतो, तोच खरा माल आहे. तो कमी झाला की लेबलवर काहीही लिहिलेलं असो, जॅकेट थंडच. ओलं होणं, दबणं, धुण्यात गोळा होणं, वरून घट्ट रेनकोट चढवणं, ह्या सगळ्यात शेवटी लॉफ्टच मरतो.

मावसभाऊ चूक सांगून राहिला असं मी म्हणणार नाही. डाऊन म्हणजे बदक किंवा हंसाच्या पोटा-छातीवरची मऊ पिसं, त्याचा फिल पॉवर मोजतात, एक औंस डाऊन किती घन इंच जागा भरते ते, ६०० पासून ८०० आणि वर. तेवढीच गरमी सिंथेटिकमधून पाहिजे असेल तर भरण दीडपट ते दुप्पट वजनाचं लागते आणि सॅकमधे जागाही जास्त खाते. नीट ठेवलं तर डाऊन टिकतेही जास्त वर्षं. ज्यांचं दरवर्षी एक-दोनदा वर जाणं होते, जे जॅकेटची काळजी घेतात आणि कोरड्या कडक थंडीत राहतात त्यांनी डाऊन घ्यावंच. काही घरांमधे पिसं नकोच असतात, तो वेगळा आणि पुरेसा मुद्दा आहे, तिथे पुढची चर्चाच नाही.

आता ओल्याची गोष्ट. डाऊन ओलं झालं की पिसं चिकटून गोळे होतात, कप्प्याच्या तळाशी जाऊन बसतात आणि वाळायला जीव खातात. पॉलिस्टरचा धागा मात्र पाणी पीतच नाही, साध्या हवेत तो स्वतःच्या वजनाच्या अर्धा टक्काही ओलावा धरत नाही, कापूस आठ टक्क्यांच्या आसपास धरतो. अमेरिकन सैन्याला ह्याच कारणाने डाऊनला पर्याय हवा होता आणि १९८० च्या दशकात अल्बनी इंटरनॅशनल नावाच्या कंपनीने त्यांच्यासाठी जे बनवलं तेच आजचं प्रायमालॉफ्ट. पण "सिंथेटिक ओलं झालं तरी गरम राहते" हे वाक्य लोक जसं सांगतात तसं खरं नाही. धागा पाणी पीत नसला तरी दोन धाग्यांच्या मधे पाणी बसतेच, तिथली हवा जाते, आणि ते पाणी वाळताना तुमच्याच अंगाची उष्णता ओढते. खरं एवढंच की धागा मऊ पडून लोळागोळा होत नाही, दाबून पाणी काढून झटकलं की बराचसा फुगतो आणि अंगावर घालून हालचाल करत राहिलं तर काही तासांत वाळत येते. ओलं सिंथेटिक कोरड्या सिंथेटिकपेक्षा थंड असते, फक्त ओल्या डाऊनपेक्षा पुष्कळ बरं.

तुम्ही म्हणाल डिसेंबरात केदारकंठाला बर्फ असतो, पाऊस कुठला, मग ओलं होणार कशाने. आतून होणार. ट्रेक सुरू होतो त्या सांकरी गावाहून वर चढताना घाम येतो, आपल्या लोकांना जरा जास्तच येतो कारण थंडीच्या भीतीने सगळे कपडे घालून चालायला सुरुवात करतात. रात्री टेंटमधे श्वासाची वाफ आतल्या कापडावर जमते आणि सकाळी डोक्यावर, बाह्यांवर पडते. बाबा जॅकेट घालून स्लीपिंग बॅगमधे झोपले तर तिथलाही ओलावा. पहिल्यांदा जाणाऱ्यांकडून हे सगळं होतेच, आणि सिंथेटिक ते सगळं सहन करून घेते, म्हणून तुमच्यासाठी तेच म्हणून राहिलो.

सिंथेटिकमधेही सगळं एकसारखं नसते. आपण उशीत भरतो तो रेक्रॉनही पॉलिस्टरच आणि महागड्या जॅकेटातलंही पॉलिस्टरच, मग फरक कशात? एक तर धाग्याच्या जाडीत. धागा जितका बारीक तितके तेवढ्याच वजनात धागे जास्त, मधले कप्पे लहान, हवा जास्त घट्ट धरून राहते. ३एम कंपनीचं थिन्सुलेट १९७० च्या दशकाच्या शेवटी ह्याच जोरावर आलं, म्हणून ते हातमोजे आणि बुटांमधे जास्त दिसते, तिथे जाडी परवडत नाही. दुसरा फरक धाग्याच्या लांबीत. क्लायमाशील्डसारख्या भरणात न तुटलेला लांब धागा असतो, त्याची अख्खी शीट जागा सोडत नाही, शिलाया कमी लागतात, टिकते चांगली, पण सॅकमधे फुगून बसते. तुकड्या-तुकड्यांच्या धाग्याची शीट जास्त मऊ, अंगाला बरी, लहान गुंडाळली जाते, पण लवकर दबते आणि स्वस्तातल्या जॅकेटात ते तुकडे कापडातून पांढऱ्या केसांसारखे बाहेर यायला लागतात. तिसरा प्रकार डाऊनसारखे सुटे पुंजके कप्प्यात भरायचे, दिसायला एकदम डाऊन, फक्त धुताना जपावं लागते.

शिलाईचंही पाहा. जिथे जिथे आरपार शिलाई गेली तिथे वरचं आणि आतलं कापड एकमेकाला चिकटलेलं, मधे हवा शून्य, म्हणजे थंडीला तेवढी लाईन मोकळी. स्वस्त जॅकेटात पॅडिंग सरकू नये म्हणून दर दोन-दोन इंचावर शिलाई मारतात, दिसते मस्त पफर, पण वारा लागला की त्या रेषा अंगावर जाणवतात.

आता लेबल. "मायनस दहा" ह्या आकड्याला जॅकेटच्या बाबतीत फार धरून बसू नका. स्लीपिंग बॅगसाठी आयएसओ २३५३७ नावाचं स्टँडर्ड आहे, गरम होणारा पुतळा बॅगमधे झोपवून मोजतात आणि त्यातून कम्फर्ट, लिमिट, एक्स्ट्रीम असे आकडे येतात. ट्रेकिंगच्या जॅकेटवरचा आकडा मात्र बहुतेक वेळा बनवणाऱ्याचा आपला अंदाज असतो, आणि त्यात माणूस बसलेला आहे की चालून राहिला, आत काय घातलं, वारा किती, हे काहीच नसते. त्यापेक्षा जीएसएम पाहा, म्हणजे भरणाच्या एका चौरस मीटरचं वजन किती ग्रॅम. "१०० ग्रॅम" वाचून बरेच लोक समजतात जॅकेटमधे एकूण १०० ग्रॅम भरलंय, तसं नाही. आणि बऱ्याच जॅकेटात छाती-पाठीला १०० असते, बाह्यांना ६० किंवा ८०, कधी टोपीला अजून कमी, ते आतल्या छोट्या लेबलवर लिहिलेलं असते, दुकानात मागून वाचा. ६० वालं आपल्या नागपूरच्या थंडीला, पहाटे गाडीवर अंबाझरीला फिरायला जाणाऱ्याला पुरते. केदारकंठाच्या कॅम्पवर, जिथे डिसेंबरात रात्री शून्याच्या पाच-दहा खाली जाणं नेहमीचं, तिथे आत थर्मल आणि फ्लीस (लोकरीसारखं मऊ पॉलिस्टरचं जॅकेट) धरून छाती-पाठीला १०० ते १३३ च्या आसपास आणि टोपीवालं घ्या. बाबांसाठी मी १३३ च्या बाजूनेच झुकेन, वय वाढलं की बसल्यावर अंग लवकर थंड पडते.

माप एक साईझ मोठं. मापाचं घट्ट जॅकेट फ्लीसवर चढवलं की बाहेरचं कापड ताणते, आतलं भरण चपटं होते, मग १३३ घेऊनही ८० चीच गरमी. दुकानात घरूनच फ्लीस घालून जा, जॅकेट चढवा, चेन लावा आणि दोन्ही हात समोर घेऊन स्वतःला मिठी मारल्यासारखे करा, पाठीवर ताण आला तर ते ठेवून द्या.

आता माळ्याचं. पॉलिस्टरचा धागा सरळ असता तर त्याने हवा धरलीच नसती, म्हणून फॅक्टरीत त्याला बारीक लाटा देतात आणि उष्णतेनेच त्या पक्क्या करतात. दाबून सोडलं की जॅकेट परत फुगते ते ह्या लाटांमुळे. पण दरवेळी दाबलं की थोड्या लाटा सरळ होतात, काही धागे तुटतात, आणि ते परत येत नाही. त्यात उष्णता आली की काम अजून बिघडते. पॉलिस्टर वितळते २५० डिग्रीच्या वर, पण सत्तर-पंचाहत्तरच्या आसपासच ते आतून नरम पडायला लागते आणि ज्या आकारात दाबून ठेवलं तो आकार धरायला लागते, आणि त्याच्या खालच्या तापमानातही महिनोन्महिने दाबलेलं राहिलं तर थोडं थोडं तेच होत राहते. आता आपला मे महिना आठवा. बाहेर ४५-४६, वरच्या मजल्यावर स्लॅबखालचा माळा त्याच्याहून तापलेला, टिनाची खोली असेल तर विचारू नका, आणि त्यात जॅकेट छोट्या पिशवीत कोंबून, वर रजयांचा गठ्ठा. बंद कारच्या डिकीत राहून गेलं तर ते अजून वाईट.

मागे एक जण तीन उन्हाळे असं ठेवलेलं जॅकेट घेऊन आला, चांगल्या कंपनीचं, फारसं वापरलेलं नाही, तक्रार एवढीच की "पहिल्यासारखं गरम लागत नाही, चेनमधून हवा येते का पाहा". चेन ठीक होती. मी खालच्या घडीची शिलाई उसवून जॅकेट उलटं केलं आणि ट्यूबलाईटसमोर धरलं. काखेखाली भरण अजून बोटभर जाड, प्रकाश सारखा अडून राहिला. खांद्यावर आणि जिथे पिशवीची घडी पडत होती तिथे लाईट सरळ आरपार, दोन बोटांत धरलं तर दोन्ही कापडं एकमेकाला लागून राहिली, मधे काही आहे हे जाणवतच नव्हतं. भरण कुठे गेलं नव्हतं, तिथेच होतं, फक्त दबून पत्र्यासारखं झालं होतं. आपल्या विदर्भात कापसाची गादी दबली की पिंजाऱ्याकडून कापूस पिंजून घेतला, गादी परत नवी. पॉलिस्टरच्या पॅडिंगचं तसं होत नाही हो, ते पिंजता येत नाही, फार तर त्या भागाचं भरण बदलून द्यायचं आणि त्याच्या मजुरीत निम्मं जॅकेट येते.

म्हणून आणल्यावर एवढं करा. ट्रेकवर पिशवीत दाबून नेणं चालते, त्याच्यासाठीच आहे, पण कॅम्पवर पोचलं की पहिले बाहेर काढून झटकून ठेवा. घरी आल्यावर हँगरला सैल लटकवा, कपाटात जागा नसेल तर मोठ्या सुती उशीच्या अभ्र्यात सैल भरून कपाटाच्या खालच्या कप्प्यात, वर काही न ठेवता. हवा ओढून चपट्या करणाऱ्या त्या व्हॅक्यूमच्या पिशव्या आल्यात ना, त्यात रजई टाका, जॅकेट टाकू नका. डांबरगोळ्या नको, कसर लोकर खाते, पिसं खाते, पॉलिस्टर तिला चालत नाही, आणि तो वास मग सांकरीपर्यंत सोबत येतो. स्लीपिंग बॅग सिंथेटिक असेल तर तिलाही हेच सगळं लागू.

धुणं कमी ठेवा पण घाण ठेवू नका, मानेजवळ तेल-घाम बसला की तिथलं भरण चिकट होऊन दबते. थोडं लिक्विड डिटर्जंट, थंड किंवा कोमट पाणी, हाताने किंवा समोरून उघडणाऱ्या मशीनमधे, दोनदा खळबळून. कपडे मऊ करणारं ते कंडिशनर अजिबात नको, बाहेरच्या कापडावर पाणी न धरणारा जो लेप असतो त्याची वाट लागते. पिळा देऊ नका, दाबून पाणी काढा, सावलीत आडवं वाळवा, आपल्या कोरड्या हवेत डिसेंबरातही दिवसभरात वाळून जाते. इस्त्री कधीच नाही. इस्त्रीची उष्णता ही फॅक्टरीत लाटा पक्क्या करणाऱ्या उष्णतेसारखीच, फक्त ह्यावेळी चपटं करून पक्कं करते.

शेकोटीपासून दूर. कॅम्पवर किंवा सफारीच्या गेटपाशी लोक शेकोटीला एकदम चिकटून उभे राहतात, एक ठिणगी बाहीवर आली की बाहेरचं नायलॉन आणि आतलं पॉलिस्टर दोन्ही वितळून भोक पडते, आणि वितळलेलं पॉलिस्टर कातडीला लागलं तर भाजणं खोल असते, हे बाबांना आणि बहिणीला आधीच सांगून ठेवा. छोटं भोक पडलं तर सोबत नायलॉनची रिपेअर टेप ठेवा, कोपरे गोल कापून चिकटवा, बाहेर आलेलं भरण ओढू नका, आत ढकला.

वर गेल्यावर वापरायचं कसं ह्यावर निम्मी गरमी अवलंबून असते. हे जॅकेट चालताना घालायचं नाही. चालताना थर्मल, त्यावर फ्लीस, वारा असेल तर पातळ विंडचीटर, बस. सुरुवातीची दहा मिनिटं थोडी थंडी वाजली पाहिजे. फ्लीसमधून घामाची वाफ निघून जाते, म्हणून ते चालायला बरं. थांबलात की लगेच, घाम थंड पडायच्या आधी, सगळ्यावरून मोठं जॅकेट चढवा. लोक उलटं करतात, आधी बसतात, चहा घेतात, कुडकुडायला लागले की जॅकेट शोधतात, तोवर अंगातली गरमी निघून गेलेली असते आणि जॅकेट मग थंड अंगालाच जपत बसते. समिटच्या दिवशी पहाटे तीन-चारला अंधारात निघतात, वाटेत पुढच्यांसाठी थांबणं फार होते, तेव्हा जॅकेट सॅकच्या एकदम वर पाहिजे, तळाशी नको. चालून घाम न येता गरम राहणारं जॅकेटही असते, पोलरटेक अल्फा हे अमेरिकन स्पेशल फोर्सेससाठी बनवलेलं आणि २०१२ च्या सुमारास बाजारात आलेलं भरण त्यातलंच, हवा आरपार जाऊ देणारं, पण पहिल्या ट्रेकला त्यावर पैसे घालायची गरज नाही, ते चांगल्या हातमोज्यांवर घाला.

पेंचला तेच जॅकेट मस्त चालेल. आपल्याकडे थंडी नसते म्हणणाऱ्यांनी २९ डिसेंबर २०१८ आठवावा, नागपुरात ३.५ डिग्री होतं, आणि जंगलात शहरापेक्षा थंडच असते. सफारीत तुम्ही हलत नाही, तासन् तास उघड्या जिप्सीत बसलेले, म्हणजे अंग गरमी बनवून राहिलं नाही आणि समोरून वारा. सगळ्यात वाईट जंगलात नाही लागत, तिथे गाडी हळूच असते, रिसॉर्टपासून गेटपर्यंतच्या डांबरी रस्त्यावर लागते. तेव्हा टोपी ओढून चेन हनुवटीपर्यंत लावा, वारा फार असेल तर वरून सैल रेनकोट, आणि पायांवर घरची चादर, कारण जॅकेट कंबरेपर्यंतच असते आणि मांड्या गारठतात. नऊ-साडेनऊला ऊन आलं की काढून मांडीवर ठेवायचं, बुडाखाली घेऊन त्याच्यावर बसायचं नाही, सगळे तेच करतात. रंग घेताना सफारी डोक्यात असेल तर भडक लाल-पिवळा सोडून मातकट, हिरवट घ्या.

तिघांचं नवं घेणं जड जात असेल तर एक विकत घ्या बाबांचं, दोन भाड्याने घ्या, कुठूनही. भाड्याचं घेताना बाहेरून चकाचक दिसते त्यावर जाऊ नका. खांदे, कोपर आणि पाठीचा खालचा भाग मोबाईलच्या टॉर्चवर धरा, चेन बंद करून आतून टॉर्च फिरवा, जिथे उजेडाचे ठिपके-ठिपके दिसतील तिथे भरण फाटून सरकलंय. मग एक बाही मुठीत घट्ट आवळून मनातल्या मनात वीसपर्यंत मोजा आणि सोडा, चांगलं भरण डोळ्यादेखत वर येते, मेलेलं तसंच सुरकुतून राहते. तिसरं नाकाने, वास येत असेल तर मागच्या ग्रुपनंतर धुतलेलं नाही, दुसरं मागा. आणि हे सगळं निघायच्या आदल्या दिवशी नको, आठवडाभर आधी करा, म्हणजे बदलून घ्यायला वेळ राहील, ट्रेनच्या दिवशी दुकानात जे उरलेलं असते ते उरलेलंच असते.